गोल मांडलेल्या खुर्च्या

माझी आई माझ्याशी आयुष्यात एकदाच सरळ बोलली. ती वेळ मीच तिच्यावर आणली, कोथरूडच्या आमच्या हॉलमध्ये, रविवारी दुपारी, जेवणं आटोपल्यावर. हॉलमधल्या खुर्च्या मी गोल मांडल्या होत्या. तशा मांडायला मी डच लोकांकडून शिकले, आणि त्याबद्दल मी त्यांना अजून माफ केलेलं नाही.

आई शाळेत मुख्याध्यापिका होती. पट्टीला तिने कधी हात लावला नाही, तशी गरजच पडली नाही. जिभेने काम व्हायचं, शाळेत आणि घरीही. दहावीत मी वर्गात पहिली आले तेव्हा तिने गुणपत्रिका उलटसुलट करून पाहिली आणि विचारलं, "यंदा हुशार मुलं बसली नव्हती का?" मी आवडीने शिवून आणलेला ड्रेस घालून समोर उभी राहिले तर म्हणाली, "छान. शिंप्याकडे पडद्याचं कापड उरलं होतं वाटतं." वडील होते तोवर ते पेपरआडून हसायचे. ते गेल्यावर हसणारं कोणी उरलं नाही, पण बोलणं चालूच राहिलं.

यातून निभावून जायची एक युक्ती मी फार लहानपणी शोधून काढली होती. आईचं वाक्य कानावर पडलं की ते तसंच घ्यायचं नाही, त्याच्यामागे काय आहे ते बघायचं. हुशार मुलं बसली नव्हती का, म्हणजे मला अभिमान वाटतो पण तू चढून जाशील. पडद्याचं कापड, म्हणजे दृष्ट लागेल. मला यात इतकी गती आली की आईचं वाक्य संपायच्या आत माझ्याकडे त्याचा गोड अर्थ तयार असायचा.

माझं लग्न वर्षभरात मोडलं आणि मी बॅगा घेऊन दारात उभी राहिले, तेव्हा दार उघडून आई म्हणाली, "पोळ्या मोजून केल्यात." एवढंच. मग ती आत गेली आणि थोड्या वेळाने पोळपाटाचा आवाज आला. मी गरम पोळ्या खाल्ल्या आणि मनाशी म्हटलं, हिला असंच प्रेम करता येतं. तोंडाने नाही म्हणते आणि हाताने लाटते. त्या पोळ्यांवर मी पुढची कित्येक वर्षं काढली.

धाकट्या भावाला असलं काही करावं लागलं नाही. त्याने लहानपणीच कान बंद करून घेतले होते. तो मोठा झाला, नोकरीला लागला आणि वाघोलीची मुलगी करून तिकडेच राहायला गेला. तिच्या माहेरची शेती होती तिथे आता बिल्डिंगी आहेत, त्यातल्याच एकीत ते दोघं राहतात. भावजय कॉलेजच्या प्रयोगशाळेत काम करते. आवाज मोठा, चाल भराभर, आणि आईसमोर मान खाली घालणं तिला माहीत नाही. ती पहिल्यांदा घरी आली तेव्हा "बरं हाय की घर" म्हणाली. आई म्हणाली, "तुमच्या वाघोलीत 'आहे' मिळत नाही का?" त्यावर ही म्हणाली, "मिळतं, पण लांब पडतं." आईला असं उत्तर घरात कोणी दिलं नव्हतं. त्या दिवसापासून दोघींचं भांडण सुरू झालं आणि ते कधी थांबलं नाही. मला आईची दया यायची.

मला नेदरलँड्समध्ये नोकरी मिळाली ते मी सांगितलं तेव्हा आई मटार सोलत होती. "तिथली जमीन समुद्राच्या खाली आहे म्हणे," ती म्हणाली. "तुला कसं जमायचं? तुला सगळ्यांकडे वरून बघायची सवय." मी हसले. याचा अर्थ जपून राहा असा होतो, हे मी निघेपर्यंत स्वतःला पटवून टाकलं. विमानतळावर मात्र ती रडली. पदर डोळ्यांना लावून, खांदे हलवत, नीट रडली. ते रडणंही मी पोळ्यांच्या शेजारी जपून ठेवलं.

तिकडे माझं काम पाण्याचं होतं. पाऊस झाला की सखल भागातलं पाणी कोणत्या पंपाने कोणत्या कालव्यात टाकायचं, याची आखणी करणारं ते ऑफिस. पहिल्याच महिन्यात मी तिथे माझं काम सगळ्यांपुढे मांडलं. संपल्यावर आमचा साहेब, ढगळ स्वेटर घालणारा एक लांबलचक माणूस, सगळ्यांदेखत म्हणाला, "फार लांबलं. आणि मुद्दा कोणता ते मला शेवटपर्यंत कळलं नाही." मी सवयीने त्याच्यामागे काय आहे ते शोधायला लागले. जळतो का? मला घालवायला बघतो का? काही सापडेना, तेव्हा मी संडासात जाऊन रडले. तिथे भिंतीवर ऑफिसातल्या सगळ्यांच्या वाढदिवसांचं कॅलेंडर टांगलेलं होतं. डच लोक ते तिथेच टांगतात, बसल्या बसल्या नजर जाते म्हणून. माझा वाढदिवस कोणीतरी आधीच लिहून ठेवला होता.

बाहेर आले तर साहेब कॉफी घेऊन उभा. "पुढच्या वेळी मुद्दा आधी सांग," म्हणाला, आणि माझ्यापुढे बिस्किटांचा डबा धरला. मी संकोचाने नको म्हटलं. त्याने डब्याचं झाकण लावून तो कपाटात ठेवून दिला. इतकं कोरडं मी कधी पाहिलं नव्हतं. पुण्यातसुद्धा निदान दोनदा विचारतात.

मला समजायला बराच काळ गेला की त्या माणसाच्या बोलण्यामागे काहीच नव्हतं. लांबलं म्हणजे लांबलं. बिस्कीट नको म्हणजे नको. दर सोमवारी सकाळी आम्ही खुर्च्या गोल मांडून बसायचो, आणि जो काही प्रश्न असेल त्यावर प्रत्येकाने आपल्या पाळीला खरं काय वाटतं ते सांगायचं. नुकताच लागलेला असो की निवृत्तीला आलेला, कोणाला वगळायचं नाही. कोणी मधे बोलायचं नाही. कोणी मनाला लावून घ्यायचं नाही. सगळ्यांचं झालं की ठरायचं, आणि ठरलं की कॉफी. एकदा एका बाईने शेजारच्याला तोंडावर सांगितलं की तुझ्याबरोबर काम करणं मला जड जातं. मी श्वास रोखून बसले. तो म्हणाला, "बरं झालं सांगितलंस." नंतर दोघं एकाच टेबलाशी चीजचं सँडविच खात बसले होते.

मला त्याची चटक लागली. बिस्कीट हवं असेल तर पहिल्याच वेळी हो म्हणायला मी शिकले. घरी जाऊन साहेबाच्या वाक्यांचा कीस पाडत बसणं बंद झालं, मला झोप लागायला लागली. पुण्याला सुट्टीवर आले की मी आईकडे बघून मनात म्हणायची, बिचारी. हिला कोणी कधी सरळ विचारलंच नाही, म्हणून ही अशी वाकडी बोलते. एकदा तर मी तिच्यासाठी वाढदिवसांचं कॅलेंडर आणलं आणि तिथल्यासारखं संडासात टांगलं. ती म्हणाली, "तुमच्याकडे माणसं तिथेच आठवतात का?" दुसऱ्या दिवशी ते रद्दीत होतं.

पण एकटेपणाला सरळ बोलण्याचा उपयोग नसतो. तिकडे मैत्रिणीकडे चहाला जायचं तर ती आधी डायरी उघडते आणि पुढच्या महिन्यातला एक मंगळवार काढून देते. त्या मंगळवारी ती मनापासून बोलते, आणि जेवायची वेळ झाली की तितक्याच मनापासून उठते आणि दार उघडते. हिवाळ्यात दुपारीच अंधार पडायचा. समोरच्या घरांना पडदे नसायचे, आतली माणसं सूप पिताना दिसायची. मी वयाने पन्नाशीला टेकले होते. मला घरी जावंसं वाटायला लागलं, आणि घर म्हणजे माझ्या लेखी आई होती.

तेवढ्यात भावाचा फोन आला. आमची सोसायटी पुनर्विकासाला निघाली होती. कोथरूडमध्ये आता दर गल्लीत तेच चाललंय. जुनी बिल्डिंग पाडायची, नवी उभी राहीपर्यंत तीनेक वर्षं सगळ्यांनी दुसरीकडे राहायचं. आई न्हाणीघरात पडून तिचं खुब्याचं ऑपरेशन झालेलं, ती वॉकर धरून चालत होती. तिला एकटीला कुठे ठेवणार? "मी माझ्याकडे नेईन," भाऊ म्हणाला, "पण त्या दोघींचं तुला माहीतच आहे."

मी फोन ठेवला आणि मला इतका आनंद झाला की मी खोलीत फेऱ्या मारल्या. आईला माझी गरज होती. मी नोकरी सोडून पुण्याला जाणार, कोथरूडमध्येच भाड्याने जागा घेऊन आई आणि मी राहणार. ती मला टोमणे मारेल, मी त्यांच्यामागचं ऐकेन. सोमवारी गोल खुर्च्यांत बसल्यावर मी हे सांगून टाकलं. सगळ्यांनी ऐकून घेतलं. साहेबाने विचारलं, "तुझ्या आईला हे हवंय का?"

"आमच्याकडे असलं विचारत नाहीत," मी म्हटलं.

"मग तुला कसं माहीत?"

मी पोळ्यांची गोष्ट सांगितली. तो म्हणाला, "मला यात फक्त पोळ्या दिसतात. जाऊन विचार. परत आलीस की मग राजीनामा दे." मला त्याचा राग आला. मनात म्हटलं, विचारतेच. आईला आयुष्यात पहिल्यांदा कोणीतरी सरळ विचारेल आणि ती पहिल्यांदा सरळ सांगेल. ते ऐकायला मी आतुर झाले होते, हे इथे लिहून ठेवते.

मी रजा काढून कोथरूडला आले, आणि त्या रविवारी भाऊ आणि भावजय वाघोलीहून आले. जेवणं झाली. हॉलमध्ये अर्धं सामान खोक्यांत गेलेलं, भिंतींवर तसबिरींचे पांढरे चौकोन. मी चार खुर्च्या गोल मांडल्या. आईला हात असलेली वेताची दिली आणि वॉकर बाजूला ठेवला.

"संगीतखुर्ची आहे का?" आईने विचारलं.

मी नियम सांगितले. आई कुठे राहणार हे आज ठरवायचं. एक पर्याय वाघोली. दुसरा, मी कायमची परत येते आणि आपण दोघी इथेच जवळपास राहतो. हे ऐकून भावाने चमकून वर पाहिलं. आईने पाहिलं नाही. प्रत्येकाने खरं काय वाटतं ते बोलायचं, मी म्हटलं, टोमणे नाहीत, मधे बोलायचं नाही आणि मनाला लावून घ्यायचं नाही. मी सगळ्यांत शेवटी बोलेन. मला काय बोलायचं ते मी विमानातच ठरवून ठेवलं होतं.

भाऊ म्हणाला, "मला काय, दोन्ही चालेल." मी म्हटलं, हे खरं नाही. तो म्हणाला, हेच खरं आहे. आणि ते खरंच होतं.

भावजयीने आधी आईकडे पाहिलं, मग माझ्याकडे. "खरंच बोलायचं हाय ना ताई? मग सांगते. आई आल्या की मी दमते. कामावरून यायचं आणि दारातच सुरू. भाजी अशी चिरतात का, पडदे असे लावतात का. मला त्यांचा राग येतो. पण त्यांनी यायला नको, असं मला वाटत न्हाई. एवढंच."

आई हे सगळं ऐकत होती. तिने चष्मा काढला, पदराने पुसला. "आता माझा नंबर. उभं राहून बोलायचं की बसून चालेल?"

"आई, टोमणा नाही. ठरलंय."

"बरं," ती म्हणाली. तिने चष्मा परत घातला नाही, मांडीवर ठेवला. आणि मग जो आवाज आला तो मी आधी कधी ऐकला नव्हता. शांत, सपाट. त्यात चढउतार नव्हता, खोच नव्हती. "मी वाघोलीला जाईन. हिच्याकडे."

मला वाटलं ती माझी नोकरी वाचवतेय. माझ्याकडे गोड अर्थ तयारच होता. मी माझाच नियम मोडून म्हटलं, "माझा विचार करू नकोस. तुला काय हवंय ते सांग. कोथरूड सोडून तुला करमेल का?"

"नाही करमणार. पण मला तुझ्याबरोबर राहायचं नाही."

भाऊ म्हणाला, "आई, असू दे." ती म्हणाली, "मधे बोलायचं नाही असं ठरलंय," आणि पुढे बोलत राहिली. "हिच्याशी मी भांडते. ही दार आपटते, मी भांडं आपटते, मग चहा पितो. दिवस जातो माझा. तुझ्यापुढे मला सतत आई व्हावं लागतं. लहानपणापासून तू माझ्या तोंडाकडे बघत बसायचीस. मी काही बोलले की त्याच्यामागे काय आहे ते हुडकत. मी नुसती बोलते. मागे काही नसतं."

"काहीच नसतं?"

"नाही. मला तसं बोलायला आवडतं. येतं मला ते."

मी विचारायला नको होतं, पण विचारलं. "आणि मी बॅगा घेऊन परत आले होते, तेव्हा तू पोळ्या केल्यास."

"कोणत्या पोळ्या?" आई म्हणाली. तिने खरोखर आठवून पाहिलं, मला ते दिसत होतं. कपाळाला आठ्या घालून, प्रामाणिकपणे. मग मान हलवली. "केल्या असतील. घरात माणूस आलं की करतोच."

भावजय उठून पाण्याचा तांब्या आणायला गेली. तिला हे ऐकवत नव्हतं, आणि मला तिचा त्या क्षणी आईपेक्षा जास्त राग आला. आईला थांबता येत नसावं. आयुष्यभर वाकडं बोललेल्या बाईला सरळ रस्ता सापडला होता आणि ती त्याच्यावरून चालत निघाली होती. "तू तिकडे गेलीस तेव्हा मला हलकं वाटलं," ती म्हणाली. "विमानतळावर सगळ्या बायका रडत होत्या म्हणून मी रडले. घरी आले, पंखा लावला, पाय पसरून झोपले. कित्येक वर्षांत तशी झोप लागली नव्हती. तू वाईट नाहीस. तू मुलगी म्हणून चांगलीच आहेस, लोक सांगतात मला. पण मला तू जड होतेस. विचारलंस म्हणून सांगितलं. झालं माझं."

तिने चष्मा घातला आणि माझ्याकडे पाहिलं. आता माझी पाळी होती. मी विमानात ठरवलेलं वाक्य होतं, आई, मी फक्त तुझ्यासाठी येतेय. कोणी मनाला लावून घ्यायचं नाही, असं मीच सांगितलं होतं. "चालेल," मी म्हटलं.

"ठरलं मग," आई म्हणाली. "आता तुमच्याकडे कॉफी असते ना?"

मी स्वयंपाकघरात जाऊन कॉफी केली. बशीत बिस्किटं घातली, प्रत्येकाला एकेक. दूध सांडलं, ते पुसलं. मला आईचा गळा दाबावासा वाटत होता आणि तिच्या मांडीवर डोकं ठेवून रडावंसं वाटत होतं, दोन्ही एकाच वेळी. बाहेरून भावजयीचा आवाज आला, "काय गरज होती एवढं बोलायची?" आणि आईचा, "तिनेच विचारलं. तुला तरी कोण विचारतंय?" आणि भावजय काहीतरी फटकन बोलली आणि आई हसली. आई अशी हसते हे मला माहीत नव्हतं.

पुढचे दिवस मी सामान बांधलं. माळ्यावर माझी एक पेटी होती, शाळेतली बक्षिसं, वह्या, तो पडद्याच्या कापडाचा ड्रेस. आईला विचारलं, हे काय करू? "संग्रहालयाला दे," ती म्हणाली. ती पुन्हा पूर्वीसारखी बोलायला लागली होती, जसं काही झालंच नाही. मी थांबून नेहमीप्रमाणे त्या वाक्याच्या मागे बघितलं. काही दिसलं नाही. नुसतं वाक्य होतं, ते येऊन लागलं आणि संपलं. मी पेटी रद्दीवाल्याला देऊन टाकली. त्याने ड्रेस घेतला नाही, म्हणाला, कापड आम्ही घेत नाही.

जायच्या दिवशी टेम्पो पुढे गेला आणि आम्ही मागून भावाच्या गाडीने निघालो. आई पुढे बसली, मी आणि भावजय मागे, मधे देवांचं खोकं. निघाल्यापासून दोघींचं वाजत होतं. आईला काच उघडी हवी होती, भावजयीला बंद. येरवड्याच्या सिग्नलला गाडी अडकली तेव्हा आई म्हणाली, "मला इथेच उतरवा. तुरुंगात निदान वेळेवर जेवण देतात."

"उतरा की," भावजय म्हणाली. "मी डबा आणून देत जाईन. तिथल्या भाजीला नावं ठेवायला कोणतरी पाहिजेच."

आई खिडकीकडे तोंड करून हसत होती, आरशात मला तिचा गाल हललेला दिसला. भाऊसुद्धा हसला. मी देवांचं खोकं मांडीवर घेऊन बसले होते, कारण सिग्नलला ब्रेक लागला की ते सरकत होतं. या बाईची दया करण्यात मी किती वर्षं घालवली, असं माझ्या मनात आलं.

वाघोलीला आईला खिडकीपाशी पलंग दिला होता. खाली नव्या बिल्डिंगींचं काम, धूळ, क्रेन. "वा," आई म्हणाली, "समुद्रच जणू." भावजयीने खिडकी लावली, आईने उघडायला सांगितली. मी विमानतळावर जायला निघाले तेव्हा आई वॉकर धरून दारापर्यंत आली. मी वाकून नमस्कार केला. ती म्हणाली, "पोचलीस की फोन कर. नाही केलास तरी चालेल."

आधीची मी असते तर पहिलं वाक्य उचललं असतं आणि त्याच्यावर सहा महिने काढले असते. या वेळी मला फक्त दुसरं ऐकू आलं.

सोमवारी ऑफिसात खुर्च्या गोल मांडलेल्या होत्या. माझी पाळी आली तेव्हा मी सांगितलं की मी नोकरी सोडत नाही, आईला मी नको आहे. कोणी हळहळलं नाही. साहेब म्हणाला, "बरं झालं विचारलंस. आता तुला माहीत आहे." मग कॉफी झाली, डबा माझ्यापुढे आला. मी एक बिस्कीट घेतलं आणि झाकण लागलं. ते बिस्कीट मी कॉफीत भिजवून संपवलं.

पोचल्यावर मी फोन केला नाही. चालेल असं तीच म्हणाली होती. पुढे बरेच दिवस गेले आणि एका रविवारी भावजयीचा फोन आला. मागे कुकरची शिट्टी, टीव्ही, आणि कोणत्यातरी डब्याच्या झाकणावरून आईची कुरकुर. "ताई, आई रोज विचारतात," भावजय म्हणाली. "म्हणतात, तिकडचे फोन बुडाले का पाण्यात?"

"टोमणा मारते की खरंच विचारते?"

"ते मला काय म्हाईत? तुम्हीच विचारा की सरळ. इथंच हायत. देऊ का?"

"नको," मी म्हटलं.

"अहो, देते की. हातभर लांब बसल्यात."

तिने दुसऱ्यांदा विचारलं होतं. मागे टीव्हीचा आवाज कमी झाला, कोणीतरी रिमोट घेतला असणार. फोनच्या त्या टोकाला एक माणूस ऐकत होता, हे मला कळत होतं. समोरच्या घरात दिवा लागला होता आणि तिथली बाई टेबल पुसत होती. सरळ एकदा विचारून झालं होतं. मी भावजयीला म्हटलं, "नको, कामात आहे मी," आणि फोन ठेवला.